क्रिओल चव डबीत मिळत नाही

परदेशी जिन्नस ठेवणाऱ्या दुकानात किंवा ऑनलाइन बाजारात ‘क्रिओल सीझनिंग’ असे लिहिलेली मसाल्याची डबी आता सहज मिळते. तिच्या जोडीला पाककृतीही ठरलेली असते : अर्धा किलो बीफचा खिमा परतायचा, घरात असतील त्या भाज्या चिरून टाकायच्या, वरून दोन चमचे मसाला भुरभुरायचा, टोमॅटोचा डबा ओतायचा आणि झाकण ठेवायचे. अर्ध्या तासात म्हणे न्यू ऑर्लिन्स ताटात. एकाच पसरट भांड्यात मांस आणि भाज्या, सोबत भात, असे रात्रीचे साधे जेवण घरी करण्याची कल्पना उत्तम आहे. उशिरा घरी येणाऱ्याला ती झेपते, थोड्या मांसात सगळे घर जेवते आणि घासायला भांडी कमी पडतात. आक्षेप आहे तो फक्त त्या भुरभुरण्यावर. क्रिओल स्वयंपाकाची चव मसाल्याच्या मिश्रणात नाही; कशानंतर काय भांड्यात पडते आणि तिथे किती वेळ राहते, या क्रमात ती आहे. तो क्रम ज्यांनी घडवला त्यांची नावे डबीवर नसतात. आणि गंमत अशी की, ज्या वेळेच्या बचतीसाठी डबी घ्यायची तो वेळही तिने वाचत नाही.

हे जेवण मुळात कुठले, ते आधी पाहू. अमेरिकेच्या दक्षिणेला, मिसिसिपी नदी मेक्सिकोच्या आखाताला मिळते तिथे लुइझियाना राज्य आहे. फ्रेंचांनी १७१८ मध्ये तिथे न्यू ऑर्लिन्स वसवले. पुढच्याच वर्षी आफ्रिकेतून गुलाम म्हणून आणलेल्या माणसांची पहिली जहाजे आली. भाताचे बियाणे आणि भातशेती जाणणारी माणसे घेऊन या, अशी सूचना त्या जहाजांच्या कप्तानांना होती. त्या दलदलीत तग धरायचा तर वसाहतीला भात हवा होता, आणि तो पिकवण्याची विद्या पॅरिसमध्ये नव्हती, पश्चिम आफ्रिकेत होती. १७६० च्या दशकात वसाहत स्पेनकडे गेली, पुढे पुन्हा फ्रान्सकडे आली आणि १८०३ मध्ये नेपोलियनने ती अमेरिकेला विकून टाकली. प्रत्येक फेरबदलाने स्वयंपाकघरात काहीतरी मागे ठेवले; न्यू ऑर्लिन्सच्या या मिश्र स्वयंपाकालाच क्रिओल म्हणतात. तिथल्या मूळच्या चोक्टाव लोकांकडून सॅसाफ्रास या झाडाच्या पानांची पूड आली, आफ्रिकेकडून भेंडी आली, एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस सिसिलीहून आलेल्या स्थलांतरितांनी टोमॅटोच्या लाल रश्श्याला आणखी बळ दिले. फ्रेंच घरात कांदा, गाजर आणि सेलरी बारीक चिरून मंद परतायची रीत होती. इथे गाजराची जागा ढोबळी मिरचीने घेतली. कांदा, सेलरी आणि ढोबळी मिरची हे त्रिकूट म्हणजे आज लुइझियानाच्या स्वयंपाकाची ओळख आहे. ओळख म्हणायला त्यात एकही मसाला नाही, ही गोष्ट डबीवाल्यांनी जरा मनावर घ्यायला हवी.

इथे जाणकार एक हरकत घेतील, आणि ती वजनदार आहे. तव्यातले बीफचे जेवण मुळात क्रिओल आहेच कुठे? न्यू ऑर्लिन्स म्हणजे कोळंबी, खेकडे, कालवे आणि गंबो नावाचा दाट रस्सा. बीफचा खिमा आणि भाज्या एका पॅनमध्ये शिजवणे ही तर अमेरिकी मध्यमवर्गाची अलीकडची सोय. १९७१ मध्ये मांस महागले असताना एका बड्या कंपनीने खिम्यात मिसळायचा तयार खोका देशभर विकायला आणला आणि ‘स्किलेट डिनर’ घरोघरी रुजले. त्याला क्रिओल म्हणणे म्हणजे नुसते बारसे उरकणे. या हरकतीतला खोक्याबद्दलचा भाग खरा आहे. बीफबद्दलचा नाही. न्यू ऑर्लिन्सच्या घरांत ग्रियाद नावाचा पदार्थ पिढ्यान्‌पिढ्या होत आला आहे : मांडीच्या स्वस्त मांसाचे पातळ काप ठोकून सपाट करायचे, तव्यात तांबूस भाजायचे, त्याच तव्यात कांदा-सेलरी-मिरची-टोमॅटो घालून रस्सा करायचा आणि मक्याच्या कण्यांबरोबर किंवा भाताबरोबर वाढायचे. घरातली बाई कधी वासराचे मांस वापरे, कधी मोठ्या जनावराचे. डोब हा बीफचा आणखी एक पदार्थ, तुकडा अखंड ठेवून तासन्‌तास शिजवलेला. शहराच्या जुन्या बाजारातले खाटीक पहाटेपासून राबत आणि अकराच्या सुमाराला समोरच्या मादाम बेगे यांच्या खानावळीत दणकून जेवत. म्हणजे बीफ या स्वयंपाकात पाहुणे म्हणून आलेले नाही, ते घरचेच आहे.

खाटकांचा विषय निघालाच आहे तर थोडे आडवळण घेतो, कारण ते या वादाशी जोडलेले आहे. न्यू ऑर्लिन्सचे कत्तलखाने घाण नदीत टाकत आणि तीच नदी शहराला पाणी पाजी. १८६९ मध्ये राज्याने कायदा करून सगळी कत्तल एका ठिकाणी, एकाच कंपनीच्या हाती दिली. खाटीक कोर्टात गेले. त्यांचा आधार होता नुकतीच झालेली चौदावी घटनादुरुस्ती, जी मुळात गुलामगिरीतून सुटलेल्या माणसांच्या हक्कांसाठी आली होती. १८७३ मध्ये अमेरिकी सर्वोच्च न्यायालयाने पाच विरुद्ध चार अशा मताने खाटकांचा दावा फेटाळला, आणि तो फेटाळताना त्या दुरुस्तीतल्या नागरिकत्वाच्या हक्कांचा अर्थ इतका आखडून टाकला की ज्यांच्यासाठी ती केली होती त्यांच्याच हाती फारसे काही उरले नाही. पुढे १८९६ मध्ये ज्या खटल्यात त्याच न्यायालयाने आगगाडीतल्या वेगळ्या डब्यांचा, म्हणजे वर्णभेदाचा, कायदा मान्य केला तोही न्यू ऑर्लिन्सच्याच होमर प्लेसी या मिश्रवंशीय क्रिओल माणसाचा. एका शहराच्या बीफने आणि एका शहराच्या आगगाडीने अमेरिकेतल्या काळ्या माणसाचे भवितव्य ठरवले. याच माणसांच्या घरातल्या बायका त्या शहराचा स्वयंपाक करत होत्या.

आता तव्याकडे येऊ. जाड बुडाचा, बिडाचा खोलगट तवा असेल तर उत्तम. सहा जणांना अर्धा किलो मांस पुरते. काप असोत वा जाडसर खिमा, ते आधी कोरड्या फडक्याने टिपून घ्यावे. तवा चांगला तापला की चमचाभर तेल आणि मांस थोडे थोडे करून. हे ‘थोडे थोडे’ महत्त्वाचे. सगळे मांस एकदम टाकले तर त्याचे पाणी सुटते, आणि पाणी तव्यात असेपर्यंत तिथले तापमान शंभर अंशांच्या वर जात नाही. मांस उकडते, करडे पडते. भाजल्याची चव यायला पृष्ठभाग साधारण एकशे चाळीस अंशांच्या पुढे जावा लागतो. प्रथिने आणि साखर यांच्यातल्या या क्रियेचे वर्णन लुई-कामी माय्यार या फ्रेंच रसायनशास्त्रज्ञाने १९१२ मध्ये केले. न्यू ऑर्लिन्सच्या स्वयंपाकिणींना ती त्याच्या कितीतरी आधी ठाऊक होती, फक्त त्यांनी निबंध लिहिला नाही. मांस तांबूस झाले की बाहेर काढायचे. तव्याच्या बुडाशी आता तपकिरी खरपुडी धरलेली असते. ती घासून टाकायची नाही, तीच आजच्या जेवणाची पुंजी. दोन मोठे कांदे बारीक चिरून त्यावर टाकले की कांद्याचे पाणी सुटते आणि उलथन्याने खरवडताच खरपुडी त्यात विरघळते. पांढरा कांदा पाहता पाहता तांबूस होतो. मग एक मोठी ढोबळी मिरची आणि सेलरीच्या दोन काड्या, सगळे एकाच आकाराचे चिरलेले. दहा-बारा मिनिटे मंद आच. भाज्यांचा कच्चा वास जाऊन गोडसर वास येऊ लागेपर्यंत घाई करायची नाही. लसूण त्यानंतर, कारण आधी घातली तर ती करपते. मग तीन-चार टोमॅटो, एक तमालपत्र, थोडे थाइम, लाल तिखटाची चिमूट, मिरपूड. टोमॅटो आटून कडेने तेल दिसू लागले की मांस परत आत, वाटीभर पाणी किंवा हाडांचा रस्सा, वर झाकण. खिमा असेल तर वीस मिनिटे, काप असतील तर पाऊण तास ते तास, मांस काट्याने सहज तुटेपर्यंत. मीठ सगळ्यात शेवटी चाखून, कारण रस्सा आटतो तसा खारटपणा वाढतो. भात शेजारी वेगळा. बिडाच्या तव्याला अजून तेलाचा थर नीट बसला नसेल तर टोमॅटोचे आंबट त्यात तासभर शिजवू नये, रश्श्याला लोखंडाची चव येते. अशा वेळी जाड स्टीलचे पातेले घ्यावे आणि संकोच करू नये.

आता याच क्रमात डबी कुठे बसते ते शोधून पाहा. बसतच नाही. तयार क्रिओल मसाल्यात साधारणपणे मीठ, लाल तिखट, पाप्रिका, लसणाची आणि कांद्याची पूड, मिरपूड आणि सुकी थाइम-ओरेगॅनो असते. मांसाला आधी चोळला तर मीठ पाणी ओढते, आणि लसणाची पूड व पाप्रिका तापलेल्या तव्यावर काही क्षणांत करपून कडू होतात. शेवटी घातला तर पुडी कच्च्याच राहतात आणि रस्साभर त्यांचा धुरळा जाणवतो. मध्ये घातला तर ज्या गोष्टी वेगवेगळ्या वेळी पडायला हव्यात त्या एकदम पडतात. गोडा मसाला घातला म्हणून करपलेल्या फोडणीची आमटी चांगली होत नाही, हे मराठी घरात सांगावे लागत नाही. शिवाय, घटकांच्या यादीत जे जास्त ते आधी लिहायचे असते, आणि अशा बहुतेक डब्यांवर पहिले नाव मिठाचे दिसते. जागतिक आरोग्य संघटना मोठ्या माणसाला दिवसाला पाच ग्रॅमहून कमी मीठ सुचवते, म्हणजे सपाट चमचाभरसुद्धा नाही. मसाल्याच्या भावाने मीठ विकत घ्यायचे आणि वर ते मोजायचा अधिकारही गमवायचा, हा सौदा कोणाला परवडतो? वेळेचे म्हणाल तर या जेवणातला वेळ भाज्या चिरण्यात आणि मांस भाजण्यात जातो. डबी यांतले एकही काम करत नाही. ती वाचवते ती चार बरण्या उघडण्याची मेहनत. फार तर अर्धा मिनिट.

मग जगाला क्रिओल म्हणजे तिखटजाळ मसाला असे का वाटू लागले? याचे मोठे श्रेय, किंवा अपश्रेय, १९८० च्या दशकातल्या उपाहारगृहांच्या फॅशनला जाते. पॉल प्रूडोम हा लुइझियानाच्या ग्रामीण केजन भागातून आलेला प्रतिभावान बल्लव. त्याने न्यू ऑर्लिन्समध्ये १९७९ मध्ये उपाहारगृह काढले आणि मसाल्यात घोळवून लाल तापलेल्या तव्यावर काळा केलेला रेडफिश मासा देशभर गाजला. इतका गाजला की आखातात तो मासा दुर्मीळ होईल या भीतीने त्याच्या व्यापारी मासेमारीवर बंधने घालावी लागली. प्रूडोमच्या कौशल्याबद्दल वाद नाही. पण मसाल्याचा लेप आणि धूर ही नक्कल करायला सोपी गोष्ट होती, डबीत भरायला त्याहून सोपी. दहा मिनिटे कांदा परतत उभे राहणे डबीत भरता येत नाही. त्यामुळे बाजाराने लेप उचलला आणि परतणे सोडून दिले. केजन आणि क्रिओल हा भेदही त्या गदारोळात पुसला गेला. केजन हे अठराव्या शतकात ब्रिटिशांनी कॅनडाच्या पूर्व किनाऱ्यावरून हाकललेल्या फ्रेंच शेतकऱ्यांचे वंशज, त्यांचे जेवण खेड्यातले. क्रिओल जेवण शहरातले, टोमॅटो सढळ वापरणारे. न्यू ऑर्लिन्सच्या घरगुती जेवणात तिखट बेताचेच असते. ज्याला जास्त लागते त्याच्यासाठी टेबलावर मिरचीच्या सॉसची बाटली असते.

लेप सोपा म्हणून टिकला, हे कारण झाले. क्रम विसरला गेला याचे दुसरे कारण जास्त अवघड आहे. लुइझियानाने १८३० मध्ये कायदा करून गुलामांना लिहायला-वाचायला शिकवणे गुन्हा ठरवले. शहराच्या श्रीमंत घरांतले चुलाणे ज्यांच्या हाती होते त्यांना पाककृती लिहिणे शक्यच नव्हते. ज्ञान एका हातून दुसऱ्या हातात, बघून आणि करून जात राहिले. १८८५ मध्ये क्रिओल पाककृतींची पहिली महत्त्वाची पुस्तके निघाली. त्यांतले एक लाफकादिओ हर्न याचे, जो पुढे जपानला जाऊन तिथला लेखक म्हणून प्रसिद्ध झाला. त्याच्या पुस्तकाच्या मुखपृष्ठावर नामांकित आचारी आणि क्रिओल गृहिणी यांना श्रेय आहे. गृहिणींच्या घरात प्रत्यक्ष पळी कोणाच्या हातात होती, त्याचा उल्लेख मुखपृष्ठावर नाही. पुढे शतक उलटताना ‘पिकायून’ या वृत्तपत्राने पाककृतींचा जाडजूड ग्रंथ काढला, तेव्हा प्रस्तावनेत जुन्या काळ्या स्वयंपाकिणी नाहीशा होत चालल्याचे दुःख आहे. कौशल्य त्यांचे होते हे मान्य; ग्रंथ मात्र दुसऱ्यांचा.

लीना रिचर्ड या बाईने हे उलटवले. जन्म १८९२ चा, तरुणपणी दुसऱ्यांच्या घरी स्वयंपाक. १९३७ मध्ये तिने न्यू ऑर्लिन्समध्ये काळ्या तरुण-तरुणींसाठी स्वयंपाकाची शाळा काढली, आणि हेतू उघड होता : हाताला कौशल्य असेल तर मजुरी वाढवून मागता येईल. १९३९ मध्ये तिने स्वतःच्या खर्चाने पाककृतींचे पुस्तक छापले; दुसऱ्याच वर्षी ते एका मोठ्या राष्ट्रीय प्रकाशकाने काढले. १९४९ मध्ये शहराच्या दूरचित्रवाणीवर तिचा स्वतःचा स्वयंपाकाचा कार्यक्रम सुरू झाला. त्या काळात, त्या दक्षिणेत, एक काळी बाई कॅमेऱ्यासमोर उभी राहून लोकांना शिकवते आहे, ही गोष्ट किती अचाट होती हे सांगायला विशेषणे अपुरी पडतील. पुढच्याच वर्षी ती वारली. तिच्यानंतर लिआ चेस यांनी ‘डुकी चेस’ हे सासरचे खाद्यगृह असे चालवले की, काळ्या-गोऱ्यांनी एकत्र बसून जेवणे बेकायदा असताना नागरी हक्कांच्या चळवळीतले लोक तिथे वरच्या मजल्यावर एकत्र बसून जेवत आणि बेत आखत. आणि १९७८ मध्ये नॅथॅनिएल बर्टन आणि रूडी लॉम्बार्ड यांनी ‘क्रिओल फीस्ट’ या पुस्तकात शहराच्या पंधरा काळ्या बल्लवांना त्यांच्या नावानिशी बोलते केले. पुरावा इतका समोर असताना क्रिओल स्वयंपाकाचा वारसा एका निनावी पुडीत शोधणे हे अज्ञान म्हणून सोडून देता येत नाही. तो आळस आहे.

यावर कोणी म्हणेल, लीना रिचर्डने स्वतः गोठवलेले तयार पदार्थ देशभर पाठवण्याचा धंदा केला. मग सोयीच्या वस्तूला नावे का ठेवता? प्रश्न रास्त आहे. सोयीला नावे ठेवण्याचे कारणच नाही. दिवसभर राबून आलेल्या माणसाला, आणि आपल्याकडे अजून तरी ते माणूस बहुधा बाईच असते, तासभर ओट्याशी उभे राहा म्हणणे हा सल्ला नव्हे, उपद्रव आहे. पण लीना रिचर्ड जे पाठवत होती तो तिने रांधलेला पदार्थ होता आणि त्यावर तिचे नाव होते. रांधण्याचे कष्ट तिने घेतले, घेणाऱ्याचे वाचवले, हा सरळ व्यवहार. डबीत कोणाचेच कष्ट नाहीत, म्हणून ती कोणाचे वाचवतही नाही. खरी सोय हवी असेल तर ती दुसरीकडे आहे. कांदा, सेलरी आणि ढोबळी मिरची रविवारी एकदम चिरून, परतून, तीन-चार वाट्यांत भरून फ्रीजरमध्ये टाका. आठवड्यातल्या कुठल्याही रात्री वाटी काढली की निम्मे काम झालेले असते. मांसाऐवजी राजमा घेतला तर तेच मिश्रण चालते. न्यू ऑर्लिन्समध्ये सोमवार हा धुण्याचा वार, आणि रविवारच्या मांसाच्या हाडावर लाल राजमा दिवसभर शिजत ठेवून भाताबरोबर खाण्याची प्रथा त्यातूनच पडली. ती सोय कष्टकरी बायकांनी स्वतः शोधली होती.

सगळ्यात नाजूक हरकत बीफची. महाराष्ट्रात गायीच्या कत्तलीवर आधीपासूनच बंदी होती; २०१५ पासून बैल आणि वळू यांच्या कत्तलीवरही आहे. म्हशीचे मांस त्या बंदीत येत नाही. त्यामुळे इथे हा पदार्थ करणाऱ्याने म्हशीचे मांस किंवा मटण घ्यावे. म्हशीच्या मांसात चरबी कमी असते, म्हणून तेल थोडे जास्त आणि शिजायला वेळ जास्त द्यावा. ज्यांना हे मांस धर्माने किंवा मनाने वर्ज्य आहे त्यांनी ते खावे असा आग्रह इथे नाही. पण लुइझियानातला पदार्थ सांगताना त्यातले बीफ लपवायचे, असाही आग्रह कोणी धरू नये. दुसरा मुद्दा आरोग्याचा. आंतरराष्ट्रीय कर्करोग संशोधन संस्थेने २०१५ मध्ये तांबड्या मांसाला ‘बहुधा कर्करोगकारक’ गटात टाकले, आणि जागतिक कर्करोग संशोधन निधी आठवड्याला साडेतीनशे ते पाचशे ग्रॅम शिजलेल्या तांबड्या मांसाची मर्यादा घालतो. तिसरा मुद्दा हवामानाचा : संयुक्त राष्ट्रांच्या अन्न व कृषी संघटनेने २०१३ मध्ये पशुपालनाचा वाटा मानवनिर्मित हरितगृह वायूंत साडेचौदा टक्के धरला, आणि त्यात सर्वात मोठा भार गुराढोरांचा. हे दोन्ही आक्षेप खरे आहेत आणि त्यांवर शब्दांची मलमपट्टी करून उपयोग नाही. एवढेच म्हणता येईल की अर्धा किलो मांस सहा ताटांत वाटले तर माणशी ऐंशी-पंच्याऐंशी ग्रॅम कच्चे मांस येते, आणि पोट भरते ते भाज्यांनी व भाताने. अमेरिकी ताटातल्या पाव किलोच्या स्टेकपेक्षा ही रीत शहाणी आहे. बीफ रोज खाणाऱ्याला ती कमी खायला लावते. जो मुळात खात नाही त्याने या कारणासाठी सुरू करण्याचे काही प्रयोजन नाही.

मराठी स्वयंपाकघराला यातले फारसे काही परके नाही. टोमॅटो, लाल मिरची आणि ढोबळी मिरची अमेरिका खंडातूनच आपल्याकडे आली. गोव्यात पोर्तुगीजांच्या हातून मिरची उतरली आणि तिथल्या ख्रिस्ती घरांत परकी सत्ता, स्थानिक हात आणि सक्तीचा इतिहास यांतून तयार झालेले जेवण आजही रांधले जाते. थाइम मिळाले नाही तर चिमूटभर ओवा चुरडून घालावा. दोन्हींच्या वासामागे थायमॉल हेच द्रव्य आहे, फक्त ओव्याचा हात जड असतो. तमालपत्राबद्दल मात्र सावध राहावे. आपले तमालपत्र दालचिनीच्या जवळच्या झाडाचे, त्यांचे लॉरेलचे. आपले घातले तर अर्धे पान पुरे. भेंडी घालायची असेल तर ती आधी वेगळी कोरडी परतून चिकटपणा घालवावा आणि टोमॅटो आटल्यावर मिसळावी. लुइझियानात भेंडी टोमॅटोत शिजवतात आणि आपण आमसूल किंवा चिंच घालतो ते एकाच कारणाने. सेलरी मिळाली नाही तर तिच्याविना करावे, कोबी घालून तिची जागा भरू नये. आणि पाहुण्यांना वाढताना याला अस्सल वगैरे म्हणण्याची गरज नाही. क्रम पाळला असेल तर न्यू ऑर्लिन्सची बाई ते ओळखेल, आणि नसेल पाळला तर डबीवरचे नाव वाचून तिची समजूत पटणार नाही.

लीना रिचर्डचे १९४० चे पुस्तक नंतर पुन्हा छापले गेले आहे आणि शोधले तर मिळते. क्रिओल जेवणावर पैसे खर्च करायचेच असतील तर आधी ते घ्यावे. मसाल्याच्या चार बरण्या बहुतेक घरांत आधीपासूनच असतात.